बांधावर पहिली कोण बसली

एक गोष्ट आधीच कबूल करते. बायकांच्या चळवळींवर लिहिलेल्या एका नावाजलेल्या पुस्तकात अडीच पानं खोटी आहेत, आणि तो खोटेपणा माझा आहे. लिहिणाऱ्या मॅडमचा त्यात काडीचा दोष नाही. त्या विद्यापीठात शिकवायच्या. स्त्रीमुक्ती, जात, मजुरी यांवर आयुष्यभर लिहीत आल्या. पुस्तक एवढं जाड, की एसटीत शेजारच्या सीटवर ठेवलं तर कंडक्टरनं त्याचंही तिकीट मागावं.

मी हसनाबादची. आता अंगणवाडीत काम करते, पण त्याआधी बरीच वर्षं माझी मोठी जाऊ आणि मी कपाशीच्या सीड प्लॉटवर जायचो. जालन्याच्या कंपन्यांचं बियाणं आमच्यासारख्या बायकांच्या बोटांतून तयार होतं. दुपारनंतर मादी झाडाच्या कळीतला नर भाग काढायचा, खुणेला लाल कागद अडकवायचा आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच फुलावर नर फुलाचे पराग फिरवायचे. ऊन चढलं की फूल वाया गेलं. म्हणजे सकाळचे तीन तास सगळा प्लॉट आमच्या बोटांवर उभा असायचा. मालकाला हे पक्कं ठाऊक होतं. आम्हाला नव्हतं.

मॅडम हेच काम समजून घ्यायला आल्या होत्या. अंगणात चटईवर बसल्या, फोनवर रेकॉर्डिंग लावलं आणि विचारलं, तुम्ही बायकांनी मिळून कधी काम थांबवलं होतं का?

थांबवलं होतं, एकदाच. पण हा प्रश्न माझ्या हाती लागायला नको होता. आमच्या गल्लीत साप निघाला, तर मी चौकात जाऊन सांगेपर्यंत त्याचा अजगर झालेला असतो. गाव माझं बोलणं अर्धं वजा करून ऐकतं. मॅडम गावाला नव्या होत्या.

मी अकरा बायकांच्या शंभर केल्या. मालकाला जीप दिली आणि आमच्या घोषणा ऐकून ती जीप पार भोकरदनपर्यंत उलटी पळवली. बिचाऱ्याकडे मोटारसायकल होती, तीही ढकलल्याशिवाय चालू न होणारी. घोषणा तर कुणीच दिली नव्हती. मॅडम हुशार. छापताना त्यांनी जीप गाळली आणि शंभरच्या जागी ‘काही बायका’ असं लिहिलं. पण एक वाक्य मी शांतपणे, कसलाही रंग न चढवता बोलले होते. तेवढं त्यांनी जसंच्या तसं घेतलं. मी म्हणाले होते, बांधावर पहिली मी बसले.

खरं असं झालं होतं. आमच्यात एक नवी पोरगी होती, नुकतीच बाळंतपणाहून आलेली. लेकरू प्लॉटवर आणायचं नाही, रडतं आणि हात थांबतात, असं मुकादमानं तिला बजावलं होतं. त्या सकाळी तिचं पोलकं दुधानं भिजलं. ती पदरानं झाकत होती आणि फुलं धरत होती. माझ्या जाऊबाईंनी ते पाहिलं, हातातली फुलं खाली ठेवली आणि बांधावर जाऊन बसल्या. मुकादम ओरडला, तेव्हा एवढंच म्हणाल्या, “तिचं लेकरू आणू द्या, मंग उठते.” मग त्यांच्या शेजारी दुसरी बसली, तिसरी बसली. दहा जणी बांधावर. अकरावी मी. मी खाली मान घालून पराग फिरवत राहिले.

मालक आला, त्यानं आधी बायकांकडे पाहिलं, मग उन्हाकडे, आणि कबूल झाला. दुसऱ्या दिवसापासून बाभळीला झोळी बांधली गेली.

हे सगळं मी मॅडमना उलटंपालटं करून सांगत होते, तेव्हा जाऊबाई चुलीपाशी चहा गाळत होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. मॅडमना विचारलं, साखर किती.

पुस्तक आलं. जाऊबाईंना वाचता येत नाही, म्हणून त्यांच्या नातीनं ती अडीच पानं मोठ्यानं वाचून दाखवली. जाऊबाईंनी शेवटपर्यंत ऐकलं आणि म्हणाल्या, “चांगलं लिव्हलं.” याच्यापेक्षा चार शिव्या दिल्या असत्या तर मी सुखानं जेवले असते.

आणि मी ते पुस्तक वाचलं, हीच मोठी चूक. मॅडमचं म्हणणं असं, की चळवळींच्या इतिहासात बोलणारे उरतात आणि करणारे गळून जातात. बाई किती मोकळी झाली हे पाहायचं असेल, तर तिचं केलेलं काम कुणाच्या नावावर गेलं ते आधी पाहा. हे त्यांनी पुरुषांना उद्देशून लिहिलं होतं. घाम मला फुटला.

मग मॅडमचा फोन आला. नवी आवृत्ती निघतेय, जालन्याच्या कॉलेजात कार्यक्रम आहे, तुम्ही मुलींसमोर बोला. मी हो म्हणाले. साडी कोणती नेसायची तेही ठरवून टाकलं. ती साडी हातात घेऊनच जाऊबाईंकडे गेले.

“बाई, मी खोटं सांगून राह्यले होते, तवा तुम्ही बोलल्या का न्हाई?”

“पाव्हणी आल्ती. तिच्यापुढं तुला खोटी पाडू काय?”

म्हटलं, आता मीच मॅडमना खरं सांगते.

“सांग. पण मंग ती मला विचारील. मला तुझ्यावानी सजवून सांगता येत न्हाई.”

“म्हणून तर तुम्ही सांगा.”

“मंग तू तिथंच बसायचं. आन मधी बोलायचं बिलकुल न्हाई.”

मी फोन केला. पलीकडे इतकी शांतता झाली, की मला वाटलं जिल्ह्याचे सगळे टॉवर एकदम बंद पडले. मग मॅडम म्हणाल्या, छपाई थांबवते, रविवारी येते.

जाऊबाईंची गोष्ट चहा निवायच्या आत संपली. पोरगीचं पोलकं ओलं झाल्तं, पाहवलं न्हाई, बसले. मॅडमनी विचारलं, भीती नाही वाटली? “वाटली की. पण बसल्यावर उठायची जास्त वाटली.” मला त्या ‘उठायची’वर एक आख्खं प्रवचन सुचलं होतं. मी पदर तोंडात धरून बसले.

मग मॅडमनी माझ्याकडे बोट करून विचारलं, “आणि या?”

जाऊबाईंनी मला टाळलं नाही, सावरलंही नाही.

“ही काम करून राह्यली होती. घरात सासूचा धाक होता. तो मलाबी होता.”

मॅडमनी पेन थांबवलं. हे लिहू का, असं त्यांनी मला विचारलं. मी जाऊबाईंकडे पाहिलं. त्यांनी मान हलवून बोलायची परवानगी दिली.

“लिव्हा,” मी म्हणाले. “आन हेबी लिव्हा. मालक कबूल होईपर्यंत माझ्या कपाशीच्या दोन ओळी झाल्या होत्या. मुकादमानं सगळ्यांच्या देखत मला शाबासकी दिली होती. अन् ती मी घेतली.”