हुप्प्याची नजर

१२ एप्रिल. लेकीच्या रुखवतासाठी गच्चीवर कुरडया घातल्या. लोणावळ्यात वाळवणाला माकडांमुळे पहारा लागतोच. मला आणि जाऊबाईंना खाली उरलेला चीक शिजवायचा होता, म्हणून वरच्या खोलीतल्या भाडेकरूला हातात काठी देऊन बसवलं.

हा चित्रकार. जवळच्या कुरवंडे गावात ह्याच्यासारख्या चित्रकारांची ‘निरखणी’ नावाची चळवळ आहे. जग आपल्या पाहण्यातून घडतं असं ते मानतात आणि प्रदर्शनात रिकाम्या चौकटी टांगतात. हा चहासुद्धा पाहून पाहून गार करतो आणि मग म्हणतो, “काकू, आता झाला चहा.”

भाजे गावच्या आमच्या जाऊबाई कुरकुरल्या, “तेला कशाला बसवलं? टक लावून बघतंय नुसतं. कुरड्यांना दिष्ट लागंल.”

थोड्या वेळानं वर गेले तर कठड्यावर थोराड हुप्प्या आणि समोर हा. काठी बाजूला पडलेली. दोघंही पापणी लवू देत नव्हते.

“अहो, हाकला त्याला.”

“थांबा काकू. मी त्याला गेलेला पाहतोय.”

मला हसू आवरेना. तेवढ्यात हुप्प्या खरंच गेला. एकही कुरडई मोडली नाही. संध्याकाळी मात्र हा तापानं फणफणला.

“लागलीच की दिष्ट,” जाऊबाई म्हणाल्या, “कुरड्यांऐवजी तेला.”

१३ एप्रिल. सकाळी मी मीठ-मोहरी घेऊन त्याच्या खोलीत गेले. तो हसत म्हणाला, “काकू, तुमचाही यावर विश्वास?”

“तुम्ही त्याला गेलेला पाहिलंत,” मी म्हटलं. “त्यानं तुम्हाला काय पाहिलं, कोणास ठाऊक.”

तो उठून बसला. मी त्याची दृष्ट काढली.