भरलेली बादली

गेल्या ऑक्टोबरातल्या एका शनिवारी सकाळी अकराच्या सुमारास, आंदर मावळातल्या एका शाळेच्या पटांगणात, माझ्या सासऱ्यांनी पाण्याने भरलेली बादली न फिरवता खाली ठेवली. भरलेली वस्तू त्यांनी नुसतीच खाली ठेवल्याचं माझ्या पंधरा वर्षांच्या संसारात मी प्रथमच पाहिलं.

आबा निवृत्त विज्ञान शिक्षक. गोल फिरणाऱ्या वस्तूला सतत केंद्राकडे ओढावं लागतं, ही गोष्ट जगाला नीट कळलेली नाही अशी त्यांची खात्री आहे, आणि जग म्हणून त्यांना बहुतेक वेळा मीच सापडतो. तुंगार्लीच्या आमच्या घरी पाहुण्याचा चहा तीन दोऱ्यांना टांगलेल्या ताटलीतून, आबांच्या डोक्यावरून फेरी मारून येतो. माझे संपादक आले तेव्हा कप नेमका वर असताना फोन वाजला आणि आबांनी हात थांबवला. संपादकांचा शर्ट भिजला. ‘‘बघितलंत? वेग गेला की संपलं,’’ आबा समाधानाने म्हणाले. घाटात प्रत्येक वळणावर मागच्या सीटवरून ठरलेलं वाक्य येतं : ‘‘बाहेर कुणी ढकलत नाही, जावईबापू! तुम्ही सरळच निघालात, गाडी वळली!’’ एकदा मी सोमाटण्यापर्यंत मौन मागितलं. त्यांनी ते पाळलं. मात्र वळणावर पाणी कसं कलतं हे दाखवायला भरलेला पेला माझ्या कानाशी धरून ठेवला. सोमाटण्याला मी शर्ट बदलला.

त्या ऑक्टोबराच्या थोडं आधी त्यांचा उजवा खांदा धरला. हात वर न्यायचा नाही, असं डॉक्टरांनी बजावलं. त्याच आठवड्यात त्यांच्या पहिल्या शाळेने एका तासासाठी बोलावलं आणि त्यांनी घरात न विचारता होकार दिला. ‘‘एवढा एक धडा नीट होऊ दे,’’ गाडीत ते म्हणाले. वळणांवर काही बोलले नाहीत.

पटांगणात मुलांसमोर बादली त्यांच्या छातीपर्यंत गेली आणि थांबली. त्यांनी ती खाली ठेवली, खिशातून गोफण काढली आणि मुलांना विचारलं, ‘‘फिरवता फिरवता सोडली, तर दगड कुठे जाईल?’’

‘‘बाहेर!’’ सगळा वर्ग ओरडला.

शाळेची खिचडी शिजवणाऱ्या मावशी स्वयंपाकखोलीच्या दारात उभ्या होत्या. ‘‘बाहीर कशाला जातोय? सोडताना जिकडं निघाला आसंल तिकडं सरळ जातोय. भातावरची पाखरं काय उगंच उडीवली व्हय आमी?’’

आबांनी बादली त्यांच्यापुढे सरकवली. मग म्हणाले, ‘‘मावशी, ही बादली फिरवाल? पाणी सांडणार नाही. मधे थांबायचं मात्र नाही.’’

‘‘गुर्जी, रोज खिचडीचं पातेलं उचलती मी. हिचं काय घिऊन बसलाय?’’

मावशींनी पदर खोचला. आबा बाकावर बसले. डाव्या हाताने त्यांनी उजवा खांदा धरला होता आणि उजव्या हाताचं बोट मांडीवर बादलीबरोबर गोल फिरत होतं.

मी अकरा फेरे मोजले. पटांगण कोरडं होतं.