दारातली व्हर्लीन गेदर

मेम्फिस शहरातल्या ऑरेंज माउंड या काळ्या माणसांच्या वस्तीत व्हर्लीन गेदरला न ओळखणारा माणूस भेटलाच, तर तो खुशाल परगावचा समजावा. रविवारी सकाळी ती माउंट निबो बॅप्टिस्ट चर्चच्या दारात उभी असायची. अंगात कडक इस्त्रीचा पांढरा पोशाख, पायात पांढरे बूट, हातात पांढरे मोजे. येणाऱ्याला हसून आत घेणाऱ्या, जागेवर नेऊन बसवणाऱ्या या बायकांना आमच्याकडे अशर म्हणतात. व्हर्लीन त्या साऱ्यांची मुख्य होती. उपासना सुरू झाली की अशरनं तोंड उघडायचं नसतं, सगळा कारभार हाताच्या खुणांवर चालतो. आणि उजवा तळवा समोर उभा धरला, की त्याचा अर्थ एकच: थांबा.

आठवड्याचे बाकीचे दिवस ती गावातल्या एका हॉटेलाच्या लाँड्रीत चादरी धुवायची. तिथे पन्नाशी उलटली तरी गोऱ्या साहेबाची तिला ‘ए पोरी’ अशी हाक यायची आणि तिला ‘हो सर’ म्हणावं लागायचं. रविवारी मात्र ती सिस्टर गेदर होती. चर्च आम्हाला काय देतं, असं कुणी विचारलं तर मी आधी हेच सांगेन. देव तर देतंच, पण त्याच्याही आधी माणसाला त्याचं नाव देतं.

माउंट निबो काही कुणा दानशूरानं बांधून दिलेलं नाही. गुलामीत जन्मलेल्यांच्या लेकरांनी, धुणं धुणाऱ्या बायकांनी आणि वीटभट्टीवरच्या पुरुषांनी दिवसभराची मजुरी उरकून त्याच्या भिंती उभ्या केल्या. वस्तीत शाळा नव्हती तेव्हा मुलं चर्चच्या तळघरात अक्षरं गिरवत होती. कुणी गेलं की पेटी, फुलं, मागाहूनचं जेवण, सगळं चर्च बघायचं. मतदार नोंदणीचा अर्ज कसा भरायचा, हेही म्हातारी माणसं त्याच तळघरात शिकली. कचरा उचलणाऱ्यांनी संप केला त्या वर्षी व्हर्लीनचा नवरा ओथा गळ्यात पाटी अडकवून मोर्चात चालायचा, आणि ती तळघरात पातेल्यावर पातेलं चवळी शिजवायची. ओथा पुढं फुप्फुसाच्या आजारानं गेला. त्याची पेटीही याच दारातून बाहेर पडली.

दाराचा नियम व्हर्लीनच्या आधीपासूनचा. प्रार्थना चालू असताना, बायबलमधलं वचन वाचलं जात असताना कुणी हलायचं नाही, कुणी आत यायचं नाही. तिनं तो जिवापाड सांभाळला. एकदा निवडणुकीला उभा राहिलेला एक गोरा उमेदवार माणसं घेऊन उशिरा आला, नेमका प्रार्थनेच्या मध्यात. व्हर्लीननं दाराच्या काचेआडून तळवा वर केला. तो इकडं बघ, तिकडं बघ करत राहिला. शेवटी टोपी काढून निमूट उभा राहिला. त्या आठवड्यात न्हाव्याच्या दुकानात दुसरा विषय नव्हता. “अख्ख्या टेनेसीत त्याला कुणी थांबवलं नसतं,” लोक म्हणत, “आपल्या व्हर्लीननं थांबवलं.” तिनं वरवर उडवून लावलं, पण मनातून ती सुखावली होती. माणूसच ती.

तिचा एकुलता एक मुलगा कॉर्डेल व्हिएतनामच्या लढाईवरून परत आला तो धडधाकट आला, निदान दिसायला तरी. पण चर्चची पायरी तो पुन्हा चढला नाही. “तिथं मी सगळं बघितलंय, आई,” तो म्हणाला. “तुझा देव तेवढा दिसला नाही.” नंतर तो शहराच्या दुसऱ्या टोकाला एका खोलीत राहायला गेला. कापसाच्या गोदामात काम करायचा, संध्याकाळी पीत बसायचा. व्हर्लीननं कधी उपदेश केला नाही. दर रविवारी उपासना संपली की ती तळघरातल्या स्वयंपाकातून ताट बांधून घ्यायची, तळलेली कोंबडी, शिजवलेली पालेभाजी, मक्याची भाकर, आणि दोन बस बदलून त्याच्या दारात नेऊन द्यायची. तो ताट घ्यायचा. “आत ये” कधी म्हणाला नाही. ती रोज रात्री एकच मागणं मागायची: त्याला परत आण, बाकी काही देऊ नकोस.

एका रविवारी चर्चचा वडीलधारा सेवक, डीकन पेटिग्रू, प्रार्थनेला उभा राहिला. माणूस भला, पण एकदा डोळे मिटले की त्याला काळवेळाचं भान नसायचं. बायका कुजबुजायच्या, “पेटिग्रूची प्रार्थना आणि बैलाचं मांस, दोन्ही शिजायला सारखाच वेळ.” त्या दिवशी तो लढाईवर गेलेल्या मुलांसाठी मागत होता. “प्रभू, जी आली नाहीत त्यांना जवळ घे. जी येऊनही आली नाहीत, त्यांना घराची वाट दाखव.” सगळी मंडळी डोळे मिटून, डुलत, “होय प्रभू, होय” म्हणत होती. उघडे डोळे एकट्या अशरचे. अशरनं डोळे मिटायचे नसतात.

आणि काचेपलीकडे कॉर्डेल उभा होता.

अंगात बापाचा तपकिरी सूट, खांद्यांत थोडा सैल. दाढी केलेली. त्यानं टोपी काढून छातीशी धरली होती आणि तो आईकडे बघत होता. व्हर्लीनचा उजवा हात वर गेला. तळवा सरळ, बोटं जुळलेली, नेहमीसारखी. कॉर्डेल त्या हाताकडे बघत राहिला. आत डीकन म्हणत होता, “त्यांच्यासाठी आपली दारं उघडी आहेत, प्रभू,” आणि मंडळी म्हणत होती, “होय, उघडी आहेत.” कॉर्डेलनं टोपी पुन्हा डोक्यावर चढवली, पाठ फिरवली आणि तो पायऱ्या उतरला. व्हर्लीन जागची हलली नाही. आमेन झालं तेव्हा ती दार ढकलून बाहेर धावली. रस्त्यावर कुणी नव्हतं.

पायरीवर तिची मैत्रीण लुव्हेनिया स्पाइव्ही वारा घेत बसली होती. ती म्हणाली, “अगं, तुझा कॉर्डेल येऊन गेला. ओथाच्या सुटात. मला वाटलं ओथाच आला.” आणि तिथं, सगळ्यांच्या देखत, व्हर्लीन मटकन खाली बसली.

चर्चच्या धर्मगुरूंनी, पाळकांनी, समजूत घातली. “सिस्टर गेदर, तुम्ही देवाचा मान राखलात.”

“देव थांबला असता, रेव्हरंड,” ती म्हणाली. “त्याला कुठं जायचं होतं? थांबलं नाही ते माझं पोर.”

त्या दिवशी ताट घेऊन ती गेली, तर दार उघडलंच नाही. ताट ओसरीवर ठेवून ती परतली. पुढच्या रविवारी, घंटा व्हायच्या वेळेला, व्हर्लीन गेदर माउंट निबोच्या दारात नव्हती. पांढऱ्या पोशाखातच ती कॉर्डेलच्या ओसरीवर जाळीच्या दारासमोर उभी होती. आत तो पलंगावर बसलेला दिसत होता.

“आई, चर्चची वेळ झाली,” तो आतूनच म्हणाला.

“ठाऊक आहे मला.”

“मग दारात कोण आहे?”

“असेल कुणीतरी. दार काय माझ्या बापाचं आहे?”

तो हसला नाही. म्हणाला, “तू मला ओळखलं नव्हतंस ना? सूट बाबाचा होता. तुला वाटलं असेल, कुणी दुसराच आहे.”

तो तिला सुटका देत होता. हो म्हटलं असतं तर दोघांचंही भागलं असतं. व्हर्लीननं जाळीला हात टेकला.

“ओळखलं रे. लांबून, चालीवरूनच ओळखलं. आणि तरी हात वर केला.” ती जाळीवरच्या आपल्या हाताकडे बघत म्हणाली. “हात आधी गेला, बाळा. आई मागून पोचली.”

 मग तो हळूहळू बोलायला लागला. “मी चर्चला आलो त्याच्या आदल्या रात्री मला माझीच भीती वाटली होती. म्हटलं, जाऊन कुठंतरी बसावं. प्रार्थनाबिर्थना नाही. नुसतं चार माणसांत बसायचं होतं.”

 ती म्हणाली, “पुन्हा आलास तर हात वर करणार नाही, असं मी म्हणत नाही. हा हात माझं ऐकत नाही. म्हणून मी त्या दारात उभीच राहणार नाही. तू येशील तेव्हा तुझ्याशेजारी बसेन. नाही आलास, तर ही ओसरी आहेच.”

“लोक काय म्हणतील?”

“म्हणतील म्हातारी चळली. म्हणू देत.”

त्यानं उठून जाळीचा आकडा काढला. खोलीत एकच खुर्ची होती, तिच्यावरचे कपडे त्यानं पलंगावर टाकले.

पुढच्या रविवारी तो आला नाही, त्याच्या पुढच्याही नाही. व्हर्लीन ओसरीवर जात राहिली. चर्चमध्ये कुजबुज व्हायची ती झाली. काहींना वाटलं नियमाचा अपमान झाला, काहींना तिची कीव आली. अशरांची मुख्य म्हणून लुव्हेनियाची भाची ड्रुसिला उभी राहू लागली. तिला खुणा व्हर्लीननंच शिकवल्या होत्या.

मग कापसाला बोंडं धरली तेव्हा एका साध्याच रविवारी कॉर्डेल म्हणाला, “चल.” दाढी करताना त्याला दोनदा कापलं, बसही चुकली. दोघं पायऱ्या चढले तेव्हा आतून डीकन पेटिग्रूचा आवाज येत होता. काचेआड ड्रुसिला उभी होती. तिनं दोघांना पाहिलं, तिचे डोळे भरून आले, आणि तिचा पांढरा तळवा वर गेला.

व्हर्लीन इतकी वर्षं त्या हाताच्या मागे उभी राहिली होती. समोरून तो तिनं कधी पाहिला नव्हता. कुणी तोंडावर दार लोटावं तसा तो हात होता. तिनं घाईघाईनं कॉर्डेलची बाही धरली. तो आता वळेल, आता पायऱ्या उतरेल, असं तिला वाटलं. “तिला तसं म्हणायचं नाही रे,” ती पुटपुटली, “तिला तसं...”

कॉर्डेलनं टोपी काढली. आईचा मोज्याविनाचा हात आपल्या हातात घेतला आणि तो काचेसमोर पाय रोवून उभा राहिला.

“माहीत आहे, आई,” तो म्हणाला. “थांबू या. आज मला घाई नाही.”