दुसऱ्यांदा आलेलं गाणं

सिनेमात आधी नाचत म्हटलेलं गाणं शेवटाकडे संथ होऊन, बासरीवर परत आलं की मी डोळे मिटून घेते. आता कोणीतरी मरणार, नाहीतर ताटातूट होणार, हे मला लहानपणापासून पाठ आहे. म्हणून धाकट्या बहिणीच्या लग्नाचा व्हिडिओ बघताना मी हादरलेच. हळदीला वाजलेलं गाणं पाठवणीच्या वेळी तसंच, बासरीवर आलं होतं.

दुसऱ्याच दिवशी वर्ध्याच्या स्टुडिओत जाऊन मी भांडले. "ते गाणं काढा तिथून."

एडिटिंगवाला हसला. "काऊन ताई? सगळ्याइच्याच व्हिडिओत असंच टाकतो आमी."

सगळ्यांच्याच! त्याचीच तर मला धास्ती होती. त्यानं गाणं बदलून दिलं, तेव्हा कुठे मी घरी गेले.

काल दुपारी बहिणीला तिच्या सासरी, हिंगणघाटला फोन लावला. तिनं कॉलर ट्यून बदलली होती. तेच गाणं, तीच बासरी. तीनदा फोन केला तरी ते पूर्ण वाजून थांबलं, चौथ्यांदा तिनं फोन उचलला.

"सैपाक करून राह्यली होती, ताई. काऊन?"

"असाच केला. बरी हायस ना?"

"हाव," ती म्हणाली. लग्नाआधी हेच 'हाव' ती किती पटकन म्हणायची.