माझं काही करायचं नाही

सगळ्या गल्लीचे केस कापणाऱ्या ताईला पोटच्या पोरीच्या केसांना मात्र हात लावता येत नव्हता. कात्री कानामागे गेली की मनी किंचाळायची, मान आत ओढून घ्यायची आणि जमिनीवर लोळण घ्यायची. ड्रायर सुरू झाला तर दोन्ही कान दाबून थेट काउंटरखाली. गिऱ्हाईक बायका आरशातून बघायच्या आणि एखादी तरी म्हणायचीच, "लाडावून ठेवलीये हो!"

ताईचं पार्लर छोटंसंच. भिंतभर आरसा, त्याच्यासमोर दोन खुर्च्या, मागे केस धुवायचं बेसिन. मुलगी मांजरासारखी चवड्यांवर चालायची म्हणून सगळे तिला मनी म्हणायला लागले. हाक मारली तर वळायची नाही, पण शेजारच्या घरात कुणी गोळीचं पाकीट उघडलं तरी दचकायची. सासूबाई म्हणायच्या, "हिचा बापही उशिराच बोलला." बाप सामान पोचवणारी व्हॅन चालवायचा. मनाने भला माणूस, पण अवघड विषय निघाला की त्याला हमखास व्हॅनचं टायर बघायला जायचं असायचं.

शेवटी ताई एकटीच मनीला घेऊन डॉक्टरांकडे गेली. डॉक्टरांनी मनीला बराच वेळ खेळू दिलं, भराभर प्रश्न विचारले आणि सांगितलं, "ऑटिझम आहे. याला स्वमग्नता म्हणतात."

हा शब्द ताईला पहिल्यापासून पटला नाही. स्वतःत मग्न? ही पोर तर जगाचा प्रत्येक आवाज ऐकून दमलेली असते! पण डॉक्टर शेवटी एक बरं बोलले होते. "तिला काय येत नाही ते सगळेच सांगतील. तिला काय आवडतं, कशाने त्रास होतो, ते तुम्ही बघा."

लोकांनी त्या वाक्याचं भलतंच केलं. खुर्चीत बसलेली प्रत्येक बाई विचारू लागली, "अशा मुलांत काहीतरी जबरदस्त असतं म्हणे. तुमच्या मनीत काय आहे?" गाणं? गणित? चित्रं? नणंद रोज मोबाईलवर व्हिडिओ पाठवायची, कुठल्या तरी मुलाचे पियानो वाजवतानाचे. एकदा तर कीबोर्डच घेऊन आली. मनीने तो उलटा करून खालच्या रबरी पायांचा वास घेतला, ते एकेक करून उपटले आणि ओळीत मांडले. चित्रकलेच्या क्लासमध्ये तिने रंगाला हात लावला नाही, कारण रंग हाताला चिकटतो. नणंद खट्टू होऊन म्हणाली, "शोधत राहायला हवं गं वहिनी. असतं काहीतरी."

ताईचा तोल सुटला. "नसलं तर? माझ्या मुलीने आधी चमत्कार करून दाखवायचा आणि मगच तुम्ही तिला माणसात घेणार का?"

नणंद चार महिने बोलली नाही. सासूबाईंनी मात्र रोज बोलून दाखवलं.

शाळेची तऱ्हा आणखी वेगळी. सकाळच्या घंटेला मनी बाकाखाली शिरायची आणि कुणी ओढलं तर चावायची. मग ताईला फोन. एकदा तर एका बाईंच्या अर्ध्याच केसांना रंग लावून झाला होता. ताई हात न धुताच धावली. परत येईपर्यंत बाईंच्या डोक्याची एक बाजू काळीभोर आणि दुसरी पांढरी. त्या तशाच टॉवेल गुंडाळून तणतणत निघून गेल्या आणि वर्षभर समोरच्या फुटपाथवरून चालत राहिल्या.

वर्गशिक्षिकेची तक्रार एकच, "मी बोलते तेव्हा ही माझ्याकडे बघत नाही. घरी काही वळण लावता की नाही?" ताई घरी येऊन मनीची हनुवटी धरायची, "बघ माझ्याकडे. बघ ना गं!" मनी डोळे घट्ट मिटून घ्यायची. मग ताईला स्वतःचाच राग यायचा, आणि तो राग भांड्यांवर निघायचा. भांड्यांच्या आवाजाने मनी पुन्हा कान झाकायची. असं ते चक्र.

एका दुपारी वीज गेली. पंखा, फ्रिज, रस्त्यापलीकडची पिठाची गिरणी, सगळं एकदम गप्प झालं. पार्लरमध्ये गिऱ्हाईक नव्हतं. ताई दमून खुर्चीत बसली. मनी मागे उभी राहून चिमटे रंगांप्रमाणे वेगळे करत होती. ताई समोरच्या आरशात बघत, कुणाला म्हणून नाही, अशीच बोलली, "काय करायचं गं मनी तुझं?"

"माझं काही करायचं नाही."

एरवी एखाद-दुसऱ्या शब्दावर भागवणारी मनी पूर्ण वाक्य बोलली होती. आरशातून मनी सरळ तिच्या डोळ्यांत बघत होती. शांतपणे, जशी खुर्चीतली कुठलीही बाई बघते तशी. ताई वळली तर मनीची नजर लगेच चिमट्यांवर. ताई पुन्हा आरशाकडे वळली आणि नजर परत आली.

"का गं, काही का करायचं नाही?"

"मी ठीक आहे. आवाज जास्त आहे."

इतकी वर्षं ताई जगभरच्या बायकांशी आरशातूनच बोलत आली होती, फक्त स्वतःच्या मुलीशी सोडून. तिला हसूही आलं आणि कपाळावर हात मारून घ्यावासाही वाटला.

त्या दिवसापासून दोघी आरशातून बोलू लागल्या. त्यातूनच केसांचंही कोडं सुटलं. कात्री मागून येते, दिसत नाही आणि कानाशी एकदम कचकच वाजते, त्याची मनीला भीती होती. ताईने आरशात आधी कात्री दाखवली, "आता इथे येणार," असं सांगितलं आणि मग हळूच एक बट कापली. मनी दात आवळून बसली, पण बसली. पहिल्यांदा एकच बाजू झाली. दुसरी बाजू पुढच्या आठवड्यात. तोवर ती तशीच वाकड्या केसांनी शाळेत गेली, आणि त्यावरूनही शिक्षिकेची चिठ्ठी आलीच.

ताई मोठ्या आशेने शाळेत गेली. मोठ्या बाईंना म्हणाली, "तिला समोर नको, शेजारी बसवून शिकवा. बाकावर छोटा आरसा ठेवू द्या. आणि घंटेच्या आधी तिला बाहेर आणा. एवढंच."

मोठ्या बाई गोड हसल्या. "आम्ही सगळ्यांना सामावून घेतो हो. पण आज तिला आरसा दिला तर उद्या सगळे मागतील. नियम सगळ्यांना सारखे."

"नियम सारखे आहेत बाई, पण कान सारखे नाहीत."

"तुम्ही फार मनाला लावून घेता."

घंटेपुरती सूट मिळाली. आरसा नाही मिळाला. मनी रडतखडत दहावीपर्यंत पोचली, तेही बरेच विषय सोडून. घरी आरशासमोर जे शिकली ते तिला पक्कं येत होतं, पण शाळेच्या कागदावर ते उमटलं नाही. ताईला आजही त्या शाळेवरून जाताना दात खावेसे वाटतात.

मनीला पाणी आवडायचं. बेसिनपाशी ती तासन्‌तास उभी राहायची. मोठी झाल्यावर तिने एकदा आईचं डोकं धुऊन दिलं. पाणी आधी मनगटावर तपासलं, कपाळाला हाताचा आडोसा केला, मग बोटांचा घट्ट, सारखा दाब. कुठे घाई नाही, कुठे राहून गेलं नाही. ताईला खुर्चीतच डुलकी लागली. पुढे डोकेदुखीने त्रासलेल्या एक निवृत्त नर्सबाई म्हणाल्या, "माझं मनीलाच धुऊ दे." मनी गप्पा मारत नाही, हेच त्यांना सर्वांत आवडलं.

सगळ्यांनाच ते रुचलं असं नाही. एका बाईने हात झटकला, "ही नको हो. काही केलं तर?" मनी तिथेच उभी होती. तिला सगळं ऐकू येतं, हे लोकांच्या डोक्यातच येत नाही. ताईने त्या दिवशी राग गिळला आणि स्वतः केस धुतले. पुढच्या वेळी गिळला नाही. "मग दुसरं पार्लर बघा," म्हणाली.

हळूहळू सकाळचा वेळ मनीचा झाला. तेव्हा ड्रायर बंद, रेडिओ बंद. काही बायका त्यामुळे सोडून गेल्या. राहिलेल्या म्हणायला लागल्या, "सापडलं ना शेवटी तिचं टॅलेंट!" ताई चिडायची. "टॅलेंट कसलं? काम आहे. तिला आवडतं आणि ती नीट करते. तुमच्या मुलीला नोकरी लागली तेव्हा मी असं म्हटलं होतं का?"

मागच्या महिन्यात पार्लरवाल्यांच्या संघटनेने मायलेकींचा सत्कार ठरवला. ताई नाहीच म्हणत होती. मनीनेच आरशातून सांगितलं, "जाऊ. टाळ्या नको." ताईने अध्यक्षबाईंना दोनदा फोन केला. "नुसते हात हलवा. टाळ्या वाजवू नका." अध्यक्षबाई म्हणाल्या, "अहो, एवढंच ना? काळजीच करू नका."

सभागृह गच्च भरलं होतं. मनी नवे बूट घालून, आईची बाही धरून व्यासपीठावर चढली. अध्यक्षबाईंनी माईकवर सांगितलं, "या धाडसी मुलीसाठी..." आणि भरून येऊन त्यांनीच पहिली टाळी वाजवली. मग सगळं सभागृह कडाडलं. मनी कान दाबून पायऱ्या उतरली, दार ढकलून बाहेर. ताई तिच्यामागे धावली.

अध्यक्षबाई धापा टाकत आल्या. "अहो ताई, लोकांना राहवलं नाही. प्रेमापोटीच ना! दोन मिनिटांचा तर प्रश्न होता."

"तुमच्यासाठी," ताई म्हणाली आणि मनीकडे वळली. बोलायला लागली असती तर थांबली नसती.

बापाने व्हॅन दाराशी आणली. या वेळी तो टायर बघायला गेला नाही. मागचं दार उघडून, मनी बसेपर्यंत मुकाट्याने धरून उभा राहिला. थोडं अंतर गेल्यावर मनीने कानांवरचे हात काढले आणि व्हॅनच्या छोट्या आरशातून आईकडे बघितलं.

"टाळ्या नको म्हटलं होतं."

"हो गं. म्हटलं होतं."

"मग का वाजवल्या?"

मनी आरशात बघत उत्तराची वाट पाहत राहिली.