शेवटचा तुकडा माझ्याकडेच राहिला

सुजाता गेल्याचा फोन आला, तेव्हा तिच्या पुस्तकाचा शेवटचा तुकडा माझ्या पर्समध्ये होता. दीड महिना झाला त्याला. लोक तिच्या आठवणीने गहिवरतात, मला मात्र आधी आठवतो तो माझा हेवा... माया त्याच्या मागून येते.

आम्ही दोघी विश्रांतवाडीच्या, नोकरी हिंजवडीत. कंपनीच्या बसमध्ये सकाळ-संध्याकाळ दीड-दीड तास शेजारी. तेव्हा टीव्हीवरची एक मालिका सगळ्यांच्या तोंडी होती. बुडालेलं राज्य, आंधळी नावाडीण, तिचं वल्हं चोरणारी तिची जिवलग मैत्रीण. मी बसमध्ये रंगवून सांगत होते, तर सुजाता शांतपणे म्हणाली, "अगं, मूळ कादंबऱ्या वाच ना." शनिवारी तिने बुधवार पेठेतून पाचही भाग आणले. एकेक विटेएवढा. डब्याच्या पिशवीत मावेना, म्हणून या बाईने ब्लेडने प्रत्येकाचे चार तुकडे केले आणि त्यांना लागतील तशी खाकी कव्हरं घातली. तिचा वाचून झालेला तुकडा मला मिळायचा. रोज जिथे थांबे तिथे ती पेन्सिलीने बारीक टिंब करी. तिची टिंबं चाळीस-चाळीस पानांवर; मी सातव्या पानाला पेंगायची. "कुठवर आलीस?" ती हसून विचारी आणि माझा नुसता जळफळाट होई. पुढचं तिने कधीच फोडलं नाही, पण तिला ते ठाऊक आहे हेच मला सोसत नसे. तिची बढती, तिची हुशार लेक, सगळं मी पचवलं होतं. हे नाही पचलं.

पाचव्या भागाचे तीन तुकडे तिचे वाचून झाले, मी दुसरा संपवत होते, आणि ती दवाखान्यात दाखल झाली. "चौथ्याला कव्हर राहिलंय, तेवढं घालून आण," म्हणाली. मी तो घरी नेला आणि मधला तिसरा सोडून थेट तोच वाचून काढला. आयुष्यात पहिल्यांदा मी तिच्या पुढे होते! भेटायला गेले ती रिकाम्या हातांनी.

"खाकी कागद मिळाला नाही गं."

"अख्ख्या पुण्यात? संप आहे का कागदवाल्यांचा?" मग हळूच, "बरं... कुठवर आलीस?"

"संपवलं," मी म्हटलं. तिने शेवट विचारला नाही. "उद्या आणते," म्हणून मी निघाले. आठ दिवस नेला नाही. नवव्या दिवशी फोन आला.

पुण्यानुमोदनाला तिच्या घरी गेले. बुद्धवंदना झाल्यावर तिची दहा वर्षांची मैत्रेयी जवळ येऊन बसली. "मावशी, आईने मला शेवट सांगितलाय."

"तिने वाचला कुठे होता?"

"नव्हताच. तिने स्वतः केला."

पुस्तकात नावाडीण सिंहासनावर बसते आणि वल्हं चोरणारी बुडते. मैत्रेयी म्हणाली, "आईच्या गोष्टीत ती होडी परत वळवते. त्या मैत्रिणीला आत घेते आणि म्हणते, आज तू पुढे बस."

मला रडू आवरेना. आणि रडतानाही मनात आलंच, बाई न वाचताही शेवटाला माझ्या पुढे गेली, आणि तिचा शेवट लेखकापेक्षा चांगला.

मैत्रेयीकडून मी राहिलेला तिसरा तुकडा मागून आणला आहे. चौथ्याला कव्हरही घातलं, कोपऱ्यावरच्याच दुकानातला कागद आणून. त्यात तिचं एकही टिंब नाही. तो आता मिटलेलाच ठेवलाय. बसमध्ये मी तिसरा वाचते, तिच्या टिंबांच्या मागे मागे, रोज सात पानं... आणि शेवटचं टिंब येऊ नये म्हणून कधी कधी पाचच.