काकाची होडी चिखलात रुतली तेव्हा

कोलशेतच्या खाडीत पर्यटकांना फ्लेमिंगो दाखवायची आयडिया माझी, होडी काकाची. मासळी मिळेना म्हणून तो होडी विकायलाच निघालेला. मी म्हटलं, अरे थांब, एक फेरी तर करून बघू!

इन्स्टावर पोस्ट टाकली आणि डोंबिवलीचं एक कुटुंब तयार झालं, आजीसकट. रविवारी सकाळी त्यांचा फोन, माजिवड्याला ट्रॅफिकमध्ये अडकलोय, तासभर उशीर होईल. मी जोशात सांगून टाकलं, "आरामात या!" काकाला विचारलंच नाही.

ते आले तोवर ओहोटी लागलेली. काका माझ्यावर भडकला, "खाडी काय तुझ्या घड्यालावर चालते?" पण दारात आलेल्या पाहुण्यांना परत कसं पाठवणार? निघालो. थोडं पुढे गेलो आणि होडी चिखलात रुतली!

"आता भरती येईस्तोवर बसा," काका म्हणाला. म्हणजे चार तास! संपलं, आता होडी विकली जाणार, मला रडूच आलं. काकाने गुपचूप स्वतःचा डबा उघडून सगळ्यांना भाकरी आणि सुकट वाटली.

आणि मग उघड्या पडलेल्या चिखलात किडे खायला फ्लेमिंगो उतरले. शेकड्यांनी! इतके जवळ की आजी खाणंच विसरली.

दुपारी उतरताना आजी काकाला म्हणाली, "पुढच्या रविवारी आमचं भजनी मंडळ आणते. पण असंच रुतवायचं हां!"

काका माझ्याकडे वळला. "वेल मी सांगनार. तू नुसते फोटू टाक."